उंटाचे मागचे पाय

माझ्या नवऱ्याला एक गोष्ट सांगायची फार हौस होती. पाहुणे आले, चहा झाला, बोलणं जरा मंदावलं की तो सोफ्यावरून उठायचा, मधला टीपॉय बाजूला सरकवायचा आणि म्हणायचा, "मी एकदा युवक महोत्सवात एक मूकाभिनय पाहिला होता." मग आता अर्धा तास आपण स्वयंपाकघरात काढलेला बरा, हे मला कळायचं.

गोष्ट अशी, की नुकतं लग्न झालेलं जोडपं मधुचंद्राला वाळवंटात जातं. नवरीला समुद्र पाहायचा असतो आणि नवरा तिला वाळूत आणून उभा करतो. मग उंट, मग ऊन, मग नवरीच्या सँडलमध्ये गेलेली वाळू. तोंडातून शब्द नाही. माझा नवरा एकटाच नवरा व्हायचा, नवरी व्हायचा, उंट व्हायचा. पाहुणे हसायचे. शेवटी घाम पुसत खाली बसून तो म्हणायचा, "आणि ती नवरी झालेली पोरगी. काय सांगू तुम्हाला. तशी पोरगी मी पुन्हा पाहिली नाय."

बायकोच्या देखत कुणी असं बोलत नाही, म्हणून पाहुणे माझ्याकडे बघून आणखी हसायचे. मीही हसायचे. ती पोरगी मीच होते. हे त्या खोलीत फक्त मला माहीत असायचं.

मी लासूर स्टेशनची. वडिलांचं मोंढ्यात आडतीचं दुकान, घरात सतत धान्याच्या पोत्यांचा आणि माणसांचा राबता. मला कॉलेजसाठी शहरात, म्हणजे तेव्हाच्या औरंगाबादला, हॉस्टेलवर ठेवलं होतं. तिथं मी दुसऱ्या वर्षाला मूकाभिनयाच्या ग्रुपमध्ये शिरले, ते नाटकात घ्यायला कुणी तयार नव्हतं म्हणून. माझा आवाज चिरका. नाटकाचे सर म्हणाले, ही गप्प बसली तर बरी दिसेल. त्यांनी चेष्टेत म्हटलं आणि मी ते मनावर घेतलं.

आमच्या ग्रुपचा म्होरक्या फर्दापूरचा मुलगा होता. त्याच्या अब्बांची लेण्यांच्या रस्त्याला चहाची टपरी. लहानपणापासून तो परदेशी पाहुण्यांना चमकते दगड आणि माळा विकायचा. त्यांची भाषा याला येत नाही, याची त्यांना येत नाही. त्यामुळे भुवई, खांदा आणि बोटं यांच्यावर त्याचं पोट चाललं होतं. तालमीत आमच्यापैकी कुणी हसलं किंवा कुजबुजलं की तो म्हणायचा, "मुँह बंद रखो, हाथां को बोलने देव."

त्या वर्षी त्यानंच वाळवंटाचा विषय काढला. युवक महोत्सवातले मूकाभिनय म्हणजे बाकी सगळं रडगाणं असायचं. दुष्काळ, हुंडा, मुलगी झाली म्हणून टाकून दिलेली बाई. पांढऱ्या चेहऱ्यावर काजळाचे अश्रू काढायचे आणि शेवटी सगळ्यांनी मिळून आकाशाकडे हात करायचे. परीक्षकांनासुद्धा पाठ झालं होतं ते. तो म्हणाला, आपण हसवू. सरांना पटत नव्हतं, समाजप्रबोधन कुठं आहे म्हणत होते. त्यानं त्यांना तिथंच उंट करून दाखवला आणि सरांना ठसका लागला.

नवरा तो झाला, नवरी मी. उंट आणखी दोघांचा. स्टेजवर काहीही न्यायचं नाही, हा मूकाभिनयाचा नियम. वाळू नाही, सँडल नाही, बॅग नाही. आम्ही सगळे अनवाणी, काळ्या कपड्यांत. त्यातला माझा तुकडा सँडलचा होता. मी बसते, सँडल काढते, उलटी करते आणि वाळू पडायला लागते. पडतच राहते. माझी नजर वरून खाली, वरून खाली. थांबली असं वाटतं, मी आत डोकावते, टाचेवर टिचकी मारते, पुन्हा पडायला लागते. नवरा आधी घड्याळ बघतो, मग दाढी खाजवतो, मग म्हातारा होतो. उंट झोपतो. शेवटी एकच कण उरतो, तो मी तळहातावर घेते, त्याच्याकडे जरा बघते आणि फुंकर मारते. सँडल घालते. उभी राहते, एक पाऊल टाकते. आणि खाली बसून दुसरी सँडल काढते.

हे वाचून हसू येत नाही, मला माहीत आहे. ते बघायचं असतं. त्या शेवटच्या कणासाठी मी हॉस्टेलच्या गच्चीवर इतक्या वेळा बसले की खालच्या वॉचमनला वाटायचं मला काही झालंय.

त्याच वर्षी गणपतीच्या आधी माझा साखरपुडा झाला. मुलगा गंगापूर तालुक्यातला, घरी शेती, नोकरी वाळूजच्या कंपनीत. आम्ही एकमेकांना दोनदा पाहिलं, दोन्ही वेळा माझ्या डोक्यावर पदर आणि नजर फरशीवर. फरशी मला अजून आठवते, काळ्या ठिपक्यांची होती. त्यालाही माझ्या भांगापलीकडं फार काही दिसलं नसावं. पण फोन मात्र रोज संध्याकाळी यायचा. त्याला माझा चिरका आवाज आवडायचा. तो म्हणायचा, हजार बायकांतून तुझा आवाज ओळखीन.

आता महोत्सव तोंडावर आलेला आणि मी झालेली दुसऱ्याच्या घरची. आमच्याकडं साखरपुडा झाला की मुलगी आपल्या घरात नुसती ठेवायला दिलेली असते. कुठं जायचं, काय करायचं, ते तिकडच्यांना विचारून. मी आईला म्हटलं, मग विचार ना त्यांना. आई भाकरी थापत होती. तिनं हात थांबवला नाही.

"विचारलं की नाय म्हणत्यात," ती म्हणाली. "आपण विचारूच नाय. तू गुपचूप कर आन मोकळी हो."

आईचा हा हिशेब आयुष्यभर असाच चालला. ज्यांच्या घरी कुणी नाही म्हणणारं होतं की नव्हतं हेसुद्धा आम्हाला माहीत नव्हतं, त्यांच्या 'नाही'ला आम्ही घाबरलो.

महोत्सवाच्या दिवशी सकाळी होणाऱ्या नवऱ्याचा फोन आला. मी विद्यापीठाच्या आवारात, एका झाडाखाली, झिंकची पांढरी पावडर खोबरेल तेलात कालवत होते. तो म्हणाला, आज मी शहरात आहे, युवक महोत्सवाला चाललोय, माझी चुलत बहीण लोकनृत्यात आहे. तू हॉस्टेलवर असशील तर ये ना, भेटू. माझ्या तोंडातून निघून गेलं, "मी लासूरला आलेय. आईला बरं नाही."

फोन ठेवल्यावर मला दोन गोष्टी एकदम कळल्या. एक म्हणजे त्यांच्या घरची मुलगी स्टेजवर नाचते आणि तिला बघायला घरचा माणूस कौतुकानं येतो. म्हणजे विचारलं असतं तर हो म्हणाले असते. दुसरी म्हणजे आता उशीर झालाय. मी आत्ताच्या आत्ता माझ्या आईला आजारी पाडलं होतं.

फर्दापूरच्या मित्राला सांगितलं. त्यानं माझ्या तोंडावर आणखी एक थर पांढरा फासला. भुवया झाकल्या, त्यांच्या वर दुसऱ्या काढल्या. केस काळ्या फडक्यात गच्च बांधले. ज्या माणसाला माझा फक्त आवाज ओळखीचा होता, त्याच्यासमोर मी आवाजाविना उभी राहिले.

तो तिसऱ्या रांगेत होता. मांडीवर बहिणीच्या घुंगरांची पिशवी. सुरुवातीला मला तो दिसूच नये म्हणून मी उजवीकडं बघत राहिले, पण सँडलच्या वेळी नजर चुकवता येईना, नजरच तर त्या तुकड्याचा जीव. वाळू पडायला लागली आणि तो हसायला लागला. आधी खांदे, मग मान, मग अख्खा माणूस. पिशवी खाली पडली, घुंगरं वाजली, आजूबाजूचे त्याच्याकडं बघायला लागले, तरी त्याचं हसणं थांबेना. डोळ्यांतून पाणी. लग्न ठरलं होतं ते घरच्यांनी. मी त्या माणसाच्या प्रेमात पडले ती तिथं, हातातली नसलेली सँडल झटकताना. शेवटचा कण तळहातावर घेतला तेव्हा तो हसायचा थांबला आणि पुढं वाकला. मी फुंकर मारली. दुसऱ्या सँडलला त्यानं टाळ्या वाजवायला हात वर केले ते खाली आणलेच नाहीत.

नंतर तो विंगेच्या मागं आला. नवरा झालेल्या माझ्या मित्राचा हात हातात घेऊन हलवला. मग माझ्याकडं वळला, दोन्ही हात जोडले आणि म्हणाला, "ताई, लई भारी."

मी तोंड उघडलं असतं तर त्यानं ओळखलं असतं. त्यानं स्वतःच सांगितलं होतं, हजार बायकांतून. मी कमरेत वाकून नाटकी नमस्कार केला. तो पुन्हा हसला आणि गेला.

संध्याकाळी मला फोन करून त्यानं मलाच माझी अख्खी गोष्ट सांगितली. सँडलपाशी आला तेव्हा त्याचा आवाज हसून बसला होता. म्हणाला, तू पाहिजे होतीस. मग गंभीर होऊन आईच्या तब्येतीचं विचारलं. मी म्हटलं, ताप आहे. दुसऱ्या दिवशी माझ्या होणाऱ्या सासूबाई मोसंबी आणि सफरचंदं घेऊन लासूरला हजर. आदल्या रात्रीच घरी येऊन मी आईला सांगून ठेवलं होतं म्हणून बरं. भर दुपारी अंगावर ब्लँकेट घेऊन ती कॉटवर पडली, कण्हली, त्यांच्या हातची मोसंबीची फोड दोन वेळा नको म्हणून मग घेतली. मूकाभिनय माझ्या रक्तात कुठून आला ते त्या दिवशी कळलं. सासूबाई गेल्यावर ती उठली, ब्लँकेटची घडी केली आणि म्हणाली, "मी हाय तवर हे पोटात ठेव. त्यांच्यासमोर माझं तोंड खोटं पाडू नको."

मी ठेवलं. आमचा पहिला नंबर आला होता, पण पुढच्या फेरीला मी गेले नाही. माझ्या जागी दुसरी मुलगी घेतली. तिला शेवटचा कण जमला नाही, असं मित्रानं नंतर सांगितलं. तो तेवढंच बोलला. रागावला असता तर बरं वाटलं असतं.

लग्न मेमध्ये झालं. फिरायला कुठं जायचं, तर नवरा म्हणाला, जैसलमेर. सगळे महाबळेश्वर म्हणत होते. सासूबाई म्हणाल्या, पाणी नसलेलं बघायला एवढ्या लांब कशाला जायचं, मे महिन्यात इथंच थांबा की. पण त्याच्या डोक्यात तो मूकाभिनय होता. मे महिन्यात वाळवंटात जायला तयार झालेले त्या वर्षी आम्ही दोघंच असणार. तंबूंची रांगच्या रांग रिकामी. दुपारी नळाला येणारं पाणी चहा करता येईल इतकं कढत. वाढपी आम्हाला जेवायला वाढायचा आणि मग समोर उभा राहून आमच्याकडं काळजीनं बघायचा.

संध्याकाळी ऊन उतरल्यावर आम्ही उंटावरून वाळूच्या टेकडीवर गेलो. उंटवाल्यानं उंट बसवला आणि बिडी पेटवली. आणि माझ्या नवऱ्यानं चपला काढून तिथं, खऱ्या वाळूत, माझ्यासमोर आमचा मूकाभिनय करून दाखवला. सगळं बरोबर होतं, क्रमसुद्धा. उंटवाला पोट धरून हसला. उंट मात्र हसला नाही. मग नवरा मला म्हणाला, "आता तू नवरी हो. सँडलचं कर. ती कशी करायची सांगतो."

आणि त्यानं मला शिकवलं. नजर अशी खाली न्यायची. टिचकी अशी मारायची. माझ्या पायांत खरी सँडल होती, सँडलमध्ये खरी वाळू होती, माझे हात शिवशिवत होते. एकदा केलं असतं की पुरे होतं, बोलायचीही गरज नव्हती. मला तो तिसऱ्या रांगेतला चेहरा पुन्हा बघायचा होता; दुसरं काही मला त्या लग्नातून नको होतं, असं आज लिहिताना वाटतं.

पण मला ब्लँकेट पांघरून कण्हणारी आई दिसली. लग्नाला आठवडाही झाला नव्हता, आणि मी काय सांगणार होते, की तुझ्याशी पहिली मोठी गोष्ट बोलले ती खोटी, आणि तुझ्या आईनं आणलेली मोसंबी आम्ही संध्याकाळी हसत खाल्ली? मी सँडल काढली, उलटी केली, आणि मुद्दाम वाईट केलं. हात लुळा सोडला, मध्येच हसले, कण विसरले.

"नाय," तो प्रेमानं म्हणाला, "तुला नाय जमायचं. राहू दे."

मग तो माझ्या शेजारी बसला. वाळू मुठीत घेऊन सोडत राहिला. म्हणाला, "ती पोरगी आता कुठं असंल?"

आपल्या मधुचंद्राला नवरा दुसऱ्या मुलीची आठवण काढतो आणि ती मुलगी आपणच असतो; हसावं की रडावं ते मला कळेना. मी सँडल घातली आणि म्हटलं, चला, काळोख पडायच्या आत खाली उतरू.

त्यानंतर दहा-बारा वर्षं ती आमच्या घरात राहिली. गारखेड्याच्या फ्लॅटमध्ये मी, तो, मुलगा आणि ती. त्यानं कधी वाकडं मनात आणलं नाही, माणूस सरळ आहे. पण मी एखादी चेष्टा केली, मुलाला हसवायला तोंड वेडंवाकडं केलं, की त्याला ती आठवायची. मग गोष्ट सुरू. हळूहळू मी तोंड वेडंवाकडं करणं सोडलं. माझ्यात ती थोडी थोडी शिल्लक होती तीसुद्धा मीच घासून काढली, आणि मग तिच्यावर जळत बसले. ती जाड होत नव्हती. तिला ओटा पुसायचा नव्हता. तिचा आवाज चिरका आहे की नाही हे कुणालाच माहीत नव्हतं.

मागच्या वर्षी आई गेली. दहाव्याला सासूबाई डोळे पुसत बायकांना सांगत होत्या, लग्नाआधी एकदा किती आजारी होत्या, मी फळं घेऊन गेले होते, तेव्हाच वाटलं होतं यांचं काही खरं नाही. मी पाणी वाटत होते. इतकं रडू आणि इतकं हसू एकदम मला त्याआधी कधी आलं नव्हतं.

म्हणजे आता पोटात ठेवायचं कारण राहिलं नव्हतं. आणि दिवाळीनंतर नवरा सांगत आला की कंपनीच्या कौटुंबिक मेळाव्यात त्यांच्या खात्यानं काहीतरी बसवायचंय, आणि त्यानं तोच मूकाभिनय सुचवलाय. तो नवरा, मी नवरी.

मी बोलणार नव्हते. करून दाखवणार होते. दुपारी घरात कुणी नसताना मी आरशासमोर बसायला लागले. गुडघा कुरकुरायचा, मान पूर्वीसारखी वळत नव्हती, पण बोटांना सगळं आठवत होतं. रविवारी हॉलमध्ये टीपॉय सरकवला, त्याला सोफ्यावर बसवलं आणि सुरू केलं. अगदी जीव ओतून केलं. वाळू पडली, थांबली, पुन्हा पडली. कण तळहातावर घेतला, फुंकर मारली. दुसरी सँडल काढली आणि त्याच्याकडं बघितलं.

तो हसत होता, आपण मुलाच्या गॅदरिंगला हसतो तसं. म्हणाला, "चांगलं केलंस. पण ती वेगळं करायची." आणि उठून त्यानं मला करून दाखवलं, चुकीचं.

मला राग आला. इतकी वर्षं न आलेला सगळा राग त्या क्षणी आला. मी म्हटलं, "ती मीच होते."

तो हसायला लागला. खांदे, मग मान, मग अख्खा माणूस. तिसऱ्या रांगेतलं ते हसू मला परत मिळालं, ते असं. डोळे पुसत म्हणाला, "हे भारी होतं. हे असं टायमिंग सँडलला पाहिजे." मी पुन्हा सांगितलं नाही. फर्दापूरला फोन लावता आला असता, माझा मित्र आता तिथंच हॉटेल चालवतो. पण साक्षीदार आणून ओळख पटवायची ती पोलीस चौकीत. नवऱ्याला आपण कोण हे साक्षीदार आणून सांगायचं असेल तर त्यापेक्षा न सांगितलेलं बरं, असं मला वाटलं.

दोन दिवसांनी तो जरा चाचरत म्हणाला की खात्यातल्या एकाची नवी बायको आहे, तिनं कॉलेजात नाटकात काम केलंय, तिला नवरी दिली तर चालेल का. तुला स्टेजची सवय नाही. उंटाला माणूस कमी पडतंय.

म्हणून मी उंटाचे मागचे पाय झाले.

कंपनीच्या लोकांना रिकाम्या हातांनी उंट दाखवणं पटलं नाही, त्यांनी आमच्यावर तपकिरी चादर टाकली. पुढं एका साहेबांच्या मिसेस, मागं त्यांच्या कमरेला धरून वाकलेली मी. चादरीच्या खालून मला फक्त पाय दिसत होते. नवरीच्या पायांत पैंजण होते. माझ्या नवऱ्याचे पाय मी कुठंही ओळखीन. सँडलचा तुकडा आला. ती मुलगी वाईट नव्हती, पण घाईत होती. वाळू पडायच्या आत झटकून मोकळी झाली. लोक थोडे हसले, थांबले. सभागृहात ती वाईट शांतता पसरायला लागली, जी स्टेजवर उभ्या असलेल्या माणसाला मानेवर जाणवते.

मी ठरवून काही केलं नाही. माझा उजवा पाय उचलला गेला. उंटाच्या मागच्या खुरात वाळू गेली होती. मी तो मागं ताणला आणि झटकला. वाळू पडायला लागली. कुणीतरी फिसकन हसलं. मी थांबले, खूर हळूच टेकवला, पुन्हा उचलला, अजून होती. पुढच्या बाईंना काही कळेना, त्या जागच्या जागी उभ्या, त्यामुळं उंट आणखीच बावळट दिसत असावा. हसू मागच्या रांगांपर्यंत गेलं. मी वेळ घेतला. शेवटचा कण उरला तेव्हा खूर हवेत धरून ठेवला, अगदी स्थिर, आणि एकच हलका हिसका दिला. मग पाऊल टाकलं. थांबले. आणि डावा पाय उचलला.

सभागृह कोसळलं. चादरीखाली मला कान बधिर होईपर्यंत ऐकू येत होतं. समोर माझ्या नवऱ्याचे पाय होते. त्यांनी त्या वेळी नवरीच्या मागं पळायचं होतं. ते पळाले नाहीत. बोटं माझ्याकडं वळलेली, तशीच उभी होती.

घरी येताना मी गाडीवर मागं बसले होते, मुलगा पुढं. लोक निघताना उंटाचंच कौतुक करत होते, साहेबांच्या मिसेसना हार घातला गेला होता. सिग्नलला गाडी थांबली. नवऱ्यानं मान वळवली नाही.

"तेव्हा आईंना बरं नव्हतं ना?" त्यानं विचारलं.

इतक्या वर्षांत मी या क्षणाची शंभर वाक्यं तयार केली होती. त्यातलं एकही या प्रश्नाला लागू पडत नव्हतं.

"बरं होतं," मी म्हटलं.

त्यानं मान हलवली. सिग्नल सुटला. घरी आल्यावर त्यानं मुलाला झोपवलं, मला विचारलं गुडघ्याला तेल लावायचंय का, आणि स्वतः आणून दिलं. भांडण नाही, टोमणा नाही. त्यानं राग धरला असता तर मला समजूत तरी घालता आली असती. मी एकदा विषय काढला, महोत्सवाचं, मित्राचं, मोसंबीचं सगळं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "तेव्हा सांगायचं होतंस गं. किती आनंद झाला असता मला." ते 'झाला असता' माझ्या कानात राहिलं आहे.

परवा पाहुणे आले होते. चहा झाला, बोलणं मंदावलं. कुणीतरी म्हणालं, तुमची ती वाळवंटातली गोष्ट दाखवा ना, आमच्या हिनं पाहिली नाही. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. त्यानं टीपॉयकडं बघितलं आणि म्हणाला, आता आठवत नाही सगळं, लई जुनं झालं.

तशी पोरगी मी पुन्हा पाहिली नाय, हे आमच्या घरात आता कुणी म्हणत नाही. इतकी वर्षं मी तिच्यावर जळले. मला वाटायचं ती गेली की तिची जागा मला मिळेल. ती गेली, आणि तिच्याबरोबर हसणारा तोही गेला. कधी कधी दुपारी फार वाटतं की तिच्याबद्दल कुणाशी तरी बोलावं. पण तिला पाहिलेला, तिच्यावर जीव असलेला घरात एकच माणूस होता, आणि त्याला मीच सांगून बसले की ती कोण होती.